गादीवरची चादर

गजशेटनी गुलाबी मलमलीचा तागा उलगडला, लोखंडी गज कापडावर आडवा धरला आणि कात्री उचलली, तेवढ्यात दुकानाच्या पायरीशी उभ्या असलेल्या त्यांच्या सुनेने हात जोडले.

"बाई, हे कापड घेऊ नका. परदेशी आहे."

कापड घ्यायला आलेली बाई गोरीमोरी झाली. तिने एकदा शेटकडे पाहिले, एकदा सुनेकडे पाहिले आणि "मुलीला विचारून येते" असे काहीतरी पुटपुटत ती पायऱ्या उतरली. गजशेटनी कात्री खाली ठेवली आणि मोडलेल्या घड्या पुन्हा घालायला घेतल्या.

"सकाळपासून नुसत्या घड्या घालतोय," ते दिवाणजींना म्हणाले. "याला धंदा म्हणायचा की परटाचं काम?"

दिवाणजी या दुकानातच म्हातारे झाले होते, त्यामुळे थोडे वाकडे बोलण्याची त्यांना मुभा होती.

"पण सूनबाई बोलतात किती गोड! आपल्याला असं बोलता आलं असतं, तर दुप्पट माल खपला असता."

गज कधी हातातून सुटत नसे म्हणून सगळा बाजार त्यांना गजशेट म्हणे. गेल्या काही आठवड्यांपासून मात्र तो गज बहुतेक भिंतीला टेकूनच असायचा. राज्य परक्यांचे, गिरण्या परक्यांच्या आणि अंगावरचे कापडही परक्यांचे, हे आता चालायचे नाही असे चळवळीतल्या लोकांनी ठरवले होते. तेव्हापासून कापडाच्या प्रत्येक दुकानापुढे बायका धरणे धरून उभ्या राहू लागल्या होत्या. कोणी कुठल्या दुकानापुढे उभे राहायचे याची वाटणी झाली त्या दिवशी गजशेटच्या दुकानाचे नाव कोणी काढेना. सून तिथेच बसली होती. शेवटी तीच म्हणाली, "दुसरीच्या सासऱ्याला अडवायचं आणि आपल्या सासऱ्याला सोडायचं, हा कुठला न्याय? ते दुकान माझ्याकडे द्या." इतर दुकानांपुढे दोघी-तिघी असत. इथे ती एकटीच, कारण घरच्या प्रकरणात पडायला नको म्हणून बाकीच्या बायकांनी अंग काढून घेतले होते.

पहिल्या दिवशी गजशेट असे काही भडकले की त्यांनी तिच्याशी बोलणेच सोडले. पण घरात माणसे दोनच. बायको जाऊन बरीच वर्षे झालेली, मुलगा आगबोटीवर नोकरीला, वर्षातून एकदा घरी येणारा. अबोला धरून मीठ मागायचे कोणाकडे? दुसऱ्या दिवशी जेवताना त्यांना मीठ लागलेच.

सून आता जाडेभरडे, हातच्या सुताचे लुगडे नेसायची. ते पाहून गजशेटच्या अंगावर काटा यायचा. सगळा जन्म बोटांच्या चिमटीत कापडाचा पोत पारखण्यात गेलेला माणूस तो. एकदा दुकानात गादीवर बसल्या बसल्या न राहवून ते म्हणाले होते, "अगं, हे असलं गोणपाट नेसतेस, अंगाला बोचत नाही?"

"तुम्ही तर दिवसभर त्याच्यावर बसता, मामंजी. तुम्हाला बोचतं का?"

गजशेट दचकून उठले आणि त्यांनी आपल्या बैठकीकडे पाहिले. गादीवर वडिलांच्या वेळची जाड, मातकट चादर होती, कुठल्याशा विणकराने हातमागावर विणलेली. ती धुवून धुवून मऊ झाली होती, पण फाटायचे नाव घेत नव्हती. अख्ख्या दुकानात तेवढे एकच कापड इथले होते. बाकी सारे समुद्रावरून आलेले. दिवाणजींना हसता हसता ठसका लागला. हसावे की रागवावे हे गजशेटना कळेना, म्हणून ते चहाची वेळ नसताना चहा प्यायला कोपऱ्यावर गेले.

तर असे चालले होते. सकाळी सून चहा द्यायची, मफलर घेतलात का विचारायची. ते पुढे निघायचे, ती दाराला कुलूप लावून मागून यायची, कारण दोघांनी बरोबर चालत येणे दोन्ही पक्षांना शोभले नसते. दुपारी ती घरी जाऊन डबा आणायची. डबा घेऊन उंबरठा ओलांडला की ती सून. "भाजी गार झालीय, पण खा" असे बजावून उंबरठ्याबाहेर गेली की पुन्हा हात जोडून उभी. गजशेट भाजी खाताना मनाशी म्हणायचे, पोरगी पक्की आहे. असे म्हणताना त्यांना मनातून बरे वाटे, ही गोष्ट त्यांनी दिवाणजींनाही कळू दिली नव्हती.

त्या दिवशी डबा उघडायच्या आधीच दिवाणजी बाहेरून लगबगीने आले.

"शेट, नवा हुकूम निघालाय. उघड्या दुकानापुढे उभं राहून कोणी गिऱ्हाईक अडवलं की थेट तुरुंग. दुकानदारानं नुसतं हो म्हणायचं. फौजदार गाडी घेऊन निघालाय, पलीकडच्या गल्लीत पोचलाही."

गजशेटनी बाहेर उभ्या असलेल्या सुनेकडे पाहिले. मागच्या थंडीत ही पोर छातीत कफ होऊन अंथरुणाला खिळली होती. मुलगा समुद्रात कुठेतरी, आणि हे उशाशी बसून तिच्या कपाळावर ओल्या पट्ट्या बदलत होते. ती बरी झाली तेव्हा यांनीच हातांनी तिचे केस विंचरून दिले होते, वेडेवाकडे. आता पुन्हा थंडी आली होती, आणि तुरुंगाच्या फरशीबद्दल त्यांनी ऐकले होते.

ते उठले. दुकानाच्या फळ्या भिंतीशी उभ्या असायच्या, त्यातली पहिली त्यांनी स्वतः उचलली.

"शेट, भर दुपारी?" दिवाणजी आ वासून पाहत राहिले.

"हात लाव. बघत काय उभा राहिलायस!"

बायको गेली तेव्हा तेरावा उरकताच ज्यांनी दुकान उघडले होते, ते गजशेट भर दुपारी दुकान बंद करत होते. शेवटची फळी बसली आणि गाडी कोपऱ्यावर वळली. फौजदाराने बंद दुकानाकडे पाहिले, त्यापुढे एकटीच उभी असलेल्या सुनेकडे पाहिले आणि खांदे उडवले. अडवायला गिऱ्हाईक नाही, मग गुन्हा कसला? त्याने समोरच्या कापडाच्या दुकानापुढे धरणे धरलेल्या मास्तरीणबाईंना गाडीत बसवले, त्यांच्याबरोबर परटिणीलाही बसवले. परटीण आपले तान्हे मूल नणंदेच्या हातात देऊन गेली.

गाडी गेली आणि बाजारात एकच गलका झाला. समोरचा न्हावी गिऱ्हाइकाचा एक गाल साबणात ठेवून धावत आला.

"गजशेटनी दुकान बंद केलं! अहो, गजशेट आपल्यात आले!"

लोकांनी जयजयकार केला, कोणी त्यांचा हात हातात घेऊन जोरजोरात हलवला. गजशेट कावरेबावरे होऊन नुसते मान डोलवत होते. त्यांनी गर्दीतून सुनेकडे पाहिले. ती बंद फळ्यांकडे पाहत होती, आणि तिच्या चेहऱ्यावर आनंदाचा मागमूस नव्हता.

संध्याकाळी तिने ताट वाढले. दुसऱ्यांदा वाढून झाल्यावर विचारले,

"मामंजी, दुकान का बंद केलंत?"

"पोटात दुखत होतं."

"पोटात दुखणारा माणूस दोनदा वाढून घेत नाही."

गजशेटनी घास गिळला.

"सगळा बाजार खूश आहे. तूच तोंड पाडून बसलीस. दुकान बंद व्हावं हेच हवं होतं ना तुला?"

"देशासाठी बंद केलं असतंत, तर मी नाचले असते. तुम्ही माझ्यासाठी बंद केलंत."

"मग त्यात काय वाईट केलं?"

"परटीण तान्हं पोर टाकून गेली, मामंजी. मास्तरीणबाईंचं वय काय, त्या गेल्या. मी तेवढी राहिले. का? तर माझा सासरा दुकानदार. उद्या कुठल्या तोंडानं जाऊ मी त्यांच्यापुढे? मीच ना म्हणाले होते, आपल्या सासऱ्याला सोडायचं नाही म्हणून?" तिने पदराने नाक पुसले आणि पुढे म्हणाली, "उद्या दुकान उघडा."

"आणि नाही उघडलं तर?"

स्वच्छ असलेली वाटी तिने पुन्हा पुसली.

"तर घरात बसेन. तुमचा चहा करीन. मला राग नाही येणार तुमचा. फक्त..." ती ताट उचलून आत गेली.

गजशेट हात धुवायचे विसरून तसेच बसून राहिले. दुकान बंद ठेवणे किती सोपे होते! माल घरात, सून घरात आणि बाजारात नाव. सगळा बाजार त्यांना डोक्यावर घेऊन नाचला असता. पण चहाचा कप पुढे ठेवताना ही पोर आपल्या तोंडाकडे पाहणार नाही, हे त्यांना तिने न सांगताच कळले होते.

सकाळी चहा नेहमीसारखाच झाला. "मफलर?" तिने विचारले. "घेतलाय," ते म्हणाले आणि पुढे निघाले.

दिवाणजी बंद दुकानाच्या पायरीवर आरामात बसले होते.

"आजही बंदच ना, शेट?"

"फळ्या काढ."

"शेट, लोक काय म्हणतील? काल तर—"

"काढ म्हटलं ना!"

फळ्या निघाल्या. गजशेटनी कपाटातले सगळ्यात उंची तागे काढले, मलमल, साटीन, पातळ लोकर, आणि दर्शनी भागात मांडले. मग ते गादीवर बसले आणि त्यांनी गज हातात घेतला. समोरचा न्हावी पहिल्यांदा नुसता बघत राहिला, आणि मग त्याच्या तोंडाचा पट्टा सुरू झाला.

"वा रे वा! एका रात्रीत देश संपला! कालचा जयजयकार परत द्या आमचा!"

येणाऱ्या-जाणाऱ्यांनी माना फिरवल्या. काल हात हलवणारा गृहस्थ पायरीवर थुंकून गेला. गजशेट उभ्या आयुष्यात कोणाचे बोलून घेणारे नव्हते. पण आज ते गजाचा गंज अंगठ्याने खरवडत खाली मान घालून बसले. कान मात्र लालबुंद झाले होते.

थोड्या वेळाने सून आली आणि आपल्या जागी उभी राहिली. तिने उघडे दुकान पाहिले, मांडलेले तागे पाहिले, न्हाव्याची बडबड ऐकली. मग तिने सासऱ्यांकडे पाहिले, आणि दोघांनीही चटकन नजर दुसरीकडे वळवली, कारण बाजारात रडणे दोन्ही पक्षांना शोभले नसते.

फौजदार आला. काल खांदे उडवून गेलेला माणूस आज वही काढूनच पायरी चढला.

"शेट, ही बाई तुमची गिऱ्हाइकं अडवते, अशी तक्रार आहे तुमची?"

गजशेट हातातल्या गजाकडे पाहत काहीतरी पुटपुटले.

"मोठ्यानं बोला, शेट."

"आहे, आहे! बहिरा आहेस का?"

"ओळखता बाईला?"

"माझी सून आहे."

फौजदाराची पेन्सिल थांबली. त्याने आळीपाळीने दोघांकडे पाहिले.

"म्हणजे घरचं भांडण आहे हे."

"नाही," गजशेट म्हणाले. "घरात कसलंही भांडण नाही. माझ्या मुलीसारखी आहे. पण गिऱ्हाइकं अडवते. कोणाला सोडत नाही ती, मलाही नाही."

न्हाव्याचे बोलणे मध्येच बंद पडले. त्याला काहीतरी उमगत होते, आणि वस्तरा हवेत तसाच राहिला होता.

सून स्वतःहून गाडीकडे चालू लागली. ताठ चालली होती, लग्न होऊन घरी आली होती तशी. चार पावलांवर तिला खोकला आला, आणि गजशेटच्या लक्षात आले की तिच्या अंगावर शाल नाही. कुठून असणार? होती ती परदेशी, चौकातल्या परदेशी कापडाच्या होळीत तिने स्वतः टाकलेली. त्यांनी कपाटांवरून नजर फिरवली. उबदार लोकर छतापर्यंत रचलेली होती, आणि तिच्या अंगावर घालता येईल असे त्यात एक वीतही कापड नव्हते.

ते उठले. खाली वाकून त्यांनी गादीवरची चादर ओढली, दोनदा झटकली आणि सवयीने नीट चार घड्या घातल्या. मग दुकानाच्या पायऱ्या उतरून ते रस्त्यावर आले.

"हे घे. इथलंच आहे."

तिने चादर घेतली आणि गालाला लावून पाहिली.

"आणि तुम्ही कशावर बसाल, मामंजी?"

"तू माझी काळजी करू नकोस. मफलर घेतलाय मी."

ती हसली, रडली, आणि गाडीत चढली. गाडी कोपऱ्यावर वळेपर्यंत गजशेट रस्त्यातच उभे होते. न्हावी आपल्या दुकानातून पुढे आला, त्याने खांद्यावरच्या फडक्याने गजशेटच्या पायरीवरची थुंकी पुसली आणि खाली मान घालून परत गेला.

गजशेट दुकानात आले. गादी उघडी पडली होती, खोळीचा कोपरा उसवून कापूस बाहेर डोकावत होता. दिवाणजींनी धावपळ करत कपाटातले पांढरेशुभ्र साटीन काढले, सगळ्या दुकानातले सगळ्यात मऊ कापड, आणि ते गादीवर अंथरायला लागले.

"राहू दे," गजशेट म्हणाले. "ते बोचेल."

आणि ते उघड्या गादीवर बसले.