काहिलीतलं वल्हं

मी एक जुनं वल्हं आहे. बारा फूट लांब, लाकडी, पात्याचा एक टवका उडालेला. त्या टवक्याचीच गोष्ट सांगते, मित्रांनो.

पाटणच्या इंद्रजित नावाच्या जवानाने मला हातात घेतलं तेव्हा मी नवंकोरं होते. लष्कराच्या आठ जणांच्या होडीत आम्ही राष्ट्रीय सुवर्णपदक जिंकलं. शर्यतीच्या होडीत वल्हवणारा पुढच्या दिशेकडे पाठ करून बसतो, हे तुम्हाला ठाऊक आहे का? होडी कुठे चालली ते त्याला दिसत नाही, मागे काय सुटलं तेवढंच दिसतं. मला ते फार आवडायचं.

पुढे इंद्रजित सांगलीजवळ, कृष्णाकाठच्या एका शाळेत मुख्याध्यापक झाले. शाळेसमोरच उंचावर त्यांची राहायची खोली होती, तिथे मी भिंतीवर चढले. दोन वर्षं कौतुक झालं. मग जळमटं काढायची असली की माझी आठवण व्हायची. सर मात्र रोज परिपाठाला तेच पदक उगाळत. शाळेत खिचडी शिजवणाऱ्या अंबूबाई हसून म्हणायच्या, "सर, त्या पदकाला आता लय वरसं झाली की!" मला त्यांचा भारी राग यायचा.

गेल्या श्रावणात कोयना धरणाचं पाणी सोडलं आणि कृष्णेला पूर आला. शाळेचा तांदूळ माडीवर हलवायला अंबूबाई गेल्या आणि मागोमाग पाणी जिना चढू लागलं. बचावाच्या होड्या गावाच्या दुसऱ्या टोकाला होत्या. गुऱ्हाळवाल्या भाऊसोंनी उसाचा रस आटवायची भलीमोठी काहीलच पाण्यात लोटली. सरांनी मला भिंतीवरून ओढून काढलं.

आणि काहिलीत सवयीने ते शाळेकडे पाठ करून बसले! एका बाजूने वल्हवताच ती गोल काहील जागच्या जागी गरगर फिरू लागली. तिकडे पाणी जिन्याच्या शेवटच्या पायरीला लागलं. इतकं मी कुठल्याच शर्यतीत घाबरले नव्हते.

माडीवरून हाक आली, "आवं सर, पाठ करून कुठं निघालासा? तोंड हिकडं करा! माज्याकडं बगा!"

सर वळले. गुडघ्यांवर बसून त्यांनी मला मधोमध धरलं आणि दोन्ही बाजूंनी आळीपाळीने पाणी मागे ओढलं. काहील सरळ चालली. पण माडीच्या कठड्याजवळ प्रवाह तिला लांब रेटू लागला. सरांनी मला पुढे केलं. मी कठड्यावर आपटले, टवका उडाला. अंबूबाईंनी पातं घट्ट पकडलं.

"सोडू नका!" सर ओरडले.

"मी कशाला सोडतीया? तुमी सोडू नगा म्हंजे झालं!"

माझ्या आधाराने ओढत ओढत काहील कठड्याला लागली आणि अंबूबाई आत उतरल्या. माझा त्यांच्यावरचा राग तिथेच संपला.

हल्ली परिपाठाला पदक निघत नाही. दर शनिवारी सर मुलामुलींना पोहायला शिकवतात. मी शाळेच्या जिन्याखाली असते, काहिलीशेजारी.

मित्रांनो, जुन्या वस्तू जपा, पण नुसत्या टांगून ठेवू नका. वर्षातून एकदा तेलाचा हात फिरवा, वाळवी लागू देऊ नका. पाणी पुन्हा येईल. तेव्हा मला हातात घ्याल तर एवढंच करा. ज्याला आणायला निघालात, त्याच्याकडे तोंड करून बसा.