तीनशे तेहतिसावा शॉट

"पाटीवरचा आकडा पुसू नकोस, गेर्लिंडे. बर्फ धरलं की पुढचा शॉट घ्यायचाय."

मित्रांनो, योखेनचा हा आवाज अजून माझ्या लाकडात मुरलेला आहे. मी एक जुनी क्लॅपची पाटी आहे. शॉट सुरू होताना कॅमेऱ्यापुढे 'टक्' वाजते ना, ती मी. हॅम्बुर्गच्या एका सुताराने मला घडवलं आणि चित्रपट-निर्माती गेर्लिंडे ओस्टरटागच्या हाती दिलं. तिच्या पाठीशी ना मोठी कंपनी होती, ना स्टुडिओ. वडिलांची बेकरी विकून तिने पहिला चित्रपट उभा केला. गाडी तीच चालवायची, सगळ्यांसाठी मसुरीचं सूपही तीच रांधायची. कॅमेरामन योखेन चिडवायचा, "चित्रपट पडला तर पडू दे, बाई. सूप चाललंय."

चित्रपट पडला नाही. बर्लिनला बक्षीस मिळालं, तेव्हा मला कोटाआड धरूनच ती मंचावर गेली.

आमच्यात एक रीत आहे. माझ्यावर तिन्ही आकडे सारखे आले, की त्या संध्याकाळी निर्मात्याने सगळ्यांना श्नॅप्स, म्हणजे तिकडची कडक दारू, पाजायची. पुढच्या चित्रपटात १११ला तिने पाजली, २२२लाही. मग बाल्टिक समुद्राच्या खाडीवरच्या नावाड्याचा तो चित्रपट ३३२वर येऊन थांबला. शेवटच्या शॉटला फक्त गोठलेली खाडी आणि तीत अडकलेली होडी हवी होती. त्या हिवाळ्यात पाणी गोठलंच नाही.

पैसे लावणारे दूरचित्रवाणीवाले म्हणाले, "बर्फाऐवजी मीठ पसरा आणि मोकळ्या व्हा."

"मीठ मी सुपात घालते," गेर्लिंडे म्हणाली.

त्यांनी हात काढून घेतला. पुढचा हिवाळाही तसाच गेला. तिचं ऑफिस उठलं आणि मी तळघरात, बटाट्यांच्या टोपलीमागे जाऊन पडले. नव्या मुलांना लाल आकड्यांच्या विजेच्या पाट्या मिळाल्या. तरी दर रविवारी प्रार्थनेहून आली, की नेमाने ती खाली यायची, माझ्या कडांची धूळ झाडायची. आकड्याला मात्र बोट लावायची नाही.

योखेन आजारी पडला, तेव्हा तिने मला त्याच्या खाटेपाशी नेलं.

"माझी श्नॅप्स बुडवलीस तू."

"बुडवली नाही. बर्फ धरलं की पाजीन."

"आणि मी नसलो तर?"

तिने त्याचं पांघरूण सारखं केलं. "तरी शॉट घेईन," म्हणाली.

वसंतात योखेन गेला. त्यानंतरचे कितीतरी हिवाळे पाणीच घेऊन आले.

मित्रांनो, जुन्या वस्तू पुसून लख्ख ठेवा, असं सगळेच सांगतात. माझं मागणं वेगळं आहे. एखाद्या वस्तूवर कुणाचं अर्धं राहिलेलं काम लिहिलेलं असेल, तर ती पुसण्याआधी घरात कुणाला तरी विचारा.

आज सकाळी मार्लीसचा फोन आला. ती आमची ध्वनिमुद्रक, आता खाडीकाठीच राहते.

"अगं, होडी अडकलीय. लोक खाडीवरून चालत जाताहेत. पण तुझे गुडघे?"

"त्यांनाही घेऊन येते. तू कॅमेऱ्याचं तेवढं बघ."

गेर्लिंडेने मला शालीत गुंडाळलं. पिशवीत बाटली ठेवली आणि तीन पेले. तिसरा योखेनचा. मग खडू खिशात टाकून तिने दार हलकेच ओढून घेतलं आणि ती स्टेशनच्या वाटेला लागली.