नळी पुसायची नसते

अंजिराच्या वड्यांचा घाट घातला की ओदीलाच्या अंगणात दोन दिवस दुसरं काही सुचायची सोय नसे. ॲव्होकाडोच्या जुन्या झाडाखाली तांब्याची अवाढव्य कढई, तिच्याखाली जाळ आणि हातात वल्ह्याएवढं लाकडी उलथनं. पाक आळायला लागला की फटाफट उडतो आणि उडेल तिथे चिकटून बसतो. आमच्या डोंगरातल्या बायकांचे हात फेब्रुवारीत बघावेत, मनगटापासून कोपरापर्यंत नुसते लाल ठिपके. त्याचं ना कुणाला कौतुक, ना कुणाची तक्रार. ओदीलाच्या हातांवरही कालपासून असे डाग होते आणि कालपासूनच तिचं डोकं ठणकत होतं. धुरानं, दुसरं काय, असं म्हणून तिने तो विषय मिटवून टाकला होता.

तिचं लक्ष होतं मामंजींवर. जेनुइनो मामंजी, तिचे सासरे, नको नको म्हणत असताना काल रानात लाकडं तोडायला गेले होते. ऐंशीला टेकलेला माणूस, गुडघे कुरकुरतात, पण कुऱ्हाड दिसली की हात शिवशिवतात. परत आले ते हातावर हा एवढा काळानिळा डाग घेऊन. विचारलं तर म्हणाले, फांदी लागली. ओदीलाचा त्या फांदीवर काडीचा विश्वास नव्हता. सुरवंटांच्या दिवसांत रानातून आलेला पुरुष फांदी म्हणाला की तिला आधी सुरवंटच आठवायचा.

कारण व्हाल्मोर, तिचा नवरा, असाच गेला. मागच्याच्या मागच्या उन्हाळ्यात तो पीचच्या झाडावर चढला होता. खोडाला सालीच्याच रंगाचे सुरवंट दाटीवाटीने चिकटून बसलेले असतात, जवळ जाऊनही दिसत नाहीत. त्याने हात टाकला तो नेमका त्यांच्यावर. आग झाली, त्याने दोन शिव्या घातल्या, उसाची दारू चोळली आणि जेवायला बसला. आमच्याकडे सुरवंट लागला म्हणून रडणारा पुरुष अजून जन्माला यायचाय. दुसऱ्या दिवशी दवाखान्यात गेला तर तिथे फक्त डोकं दुखतंय एवढंच बोलला. सुरवंटाचं नावसुद्धा काढलं नाही. त्यांनी डोकेदुखीची गोळी दिली, ते तरी काय करणार? हिरड्यांतून रक्त येतंय हे त्याने बायकोलाही कळू दिलं नाही, चिंधीने टिपत राहिला. ती चिंधी ओदीलाला सापडली तेव्हा त्याला मातीत ठेवून झालं होतं.

त्यानंतर आरोग्य खात्याची एक बाई गावात आली आणि चर्चच्या सभागृहात तिने सगळ्यांना बसवून एक शब्द शिकवला. एरुसिझ्मो. म्हणजे सुरवंटाचं विष माणसाला बाधणं. बाकीचे सुरवंट नुसते भाजतात, ती म्हणाली, पण हे खोडावरचे रक्त बिघडवतात. ते गोठायचं विसरतं. मग हिरड्यांतून येतं, लघवीतून येतं, जराशा धक्क्याने कातडीखाली साकळतं आणि शेवटी डोक्यात उतरतं. यावर सीरम आहे, पण ते वेळेत पोचायला हवं. हा शब्द डॉक्टरांच्या तोंडीही रोज नसतो, त्यांना रोज खोकला आणि जुलाबच बघायचे असतात. म्हणून इस्पितळाच्या दारात पाऊल टाकताच तुम्हीच तो म्हणा, मग कुणी डोकं-पोट विचारत बसणार नाही, आधी रक्त काढतील.

शेजारचे सेल्वीनोकाका तेव्हा म्हणाले होते, "आमच्या आजोबांना बापडा साधा सुरवंट लागायचा. एवढं भारी नाव असतं तर तेही ऐटीत गेले असते." ओदीलाची नणंद इव्होने म्हणाली, हे तर नव्या पाद्रीबाबांचं नाव वाटतं. सगळे हसले. ओदीला हसली नाही. दूध काढताना, पीठ मळताना, झोपण्याआधी ती तो शब्द म्हणत राहिली. व्हाल्मोरच्या वेळी जो कुणाच्याच तोंडून निघाला नाही, तो पुन्हा या घरात अडकून राहता कामा नये, एवढंच तिला कळत होतं. आता घरात उरले होते मामंजी. त्यांनाही असंच चिंधीने टिपत जाऊ द्यायला ती तयार नव्हती.

दुपार कलली तशी इव्होने उलथनं हातात घेऊन कढईपाशी उभी राहिली आणि ओदीलाने मातेचा, म्हणजे कडू पानांच्या चहाचा, तुंबा भरला. आमच्याकडे मातेशिवाय काम पुढे सरकत नाही. एकच तुंबा, एकच धातूची नळी. घरची बाई पहिला कडू घोट स्वतः घेते, मग पुन्हा गरम पाणी ओतून थोरल्याला देते, त्याने संपवून तिच्याकडे परत द्यायचा, तिने भरून पुढच्याला. आणि नळी पुसायची नसते. कुणाचं तोंड लागलंय म्हणून नळी पुसली तर ते तोंडावर थुंकल्यासारखंच. पुसणाऱ्याला पुन्हा त्या अंगणात बोलावत नाहीत.

ओदीलाने आपला तुंबा संपवला, पाणी ओतलं आणि मामंजींना दिला. त्यांनी नळीकडे जरा बघितलं आणि मग प्यायले. तुंबा परत आला तेव्हा नळीच्या टोकाला लालसर ओल होती.

सेल्वीनोकाका हात पुढे करून बसले होते. नळी पुसावी तर शेजाऱ्यासमोर सासऱ्याची अब्रू गेली, न पुसावी तर काकांच्या तोंडात ते रक्त. ती पाणी ओतायच्या निमित्ताने उगीच रेंगाळली, नळीवर दोन थेंब सांडले असं दाखवलं आणि तुंबा पुढे केला. काकांकडून नळी स्वच्छ आली. इव्होनेकडूनही स्वच्छ आली. मग तिची स्वतःची पाळी झाली, तिने घाईने संपवला आणि डोळे मामंजींच्या हातांवर ठेवून त्यांना दिला. परत आला तो पुन्हा लाल. या खेपेला चांगला लाल.

आता शंकेला जागाच नव्हती. मामंजी एरवी किटली उपडी होईपर्यंत उठत नाहीत. आज ते मध्येच म्हणाले, "आभार." आमच्याकडे मातेवर आभार मानले की बस झालं, मला आता नको. काकांनी भुवया उंचावल्या. म्हाताऱ्याला बहुतेक तरुण बायको मिळालीय, चव बदललीय, असं काहीतरी पुटपुटले. मामंजी हसले नाहीत. ते ओदीलाच्या तोंडाकडे बघत होते.

ओदीला उठली. तिने अंगणातच जाहीर केलं की मामंजींना ताबडतोब इस्पितळात न्यायचंय, काकांनी पिकअप काढावी. वन्सं, तुम्ही कढई सांभाळा, हात थांबवू नका, नाहीतर सगळा पाक बुडाशी लागेल. इव्होने म्हणाली, अगं, पण झालंय काय? ओदीला मामंजींकडे वळली होती. मामंजी आता आकाशपाताळ एक करणार, कुऱ्हाड घेऊन दारात उभे राहणार, अशी तिची खात्री होती. दात काढायलासुद्धा त्यांना तिघांनी धरून न्यावं लागलं होतं.

ते मुकाट्याने उठले. टोपी घातली, पिकअपमध्ये चढले आणि तिला हात देऊन वर घेतलं. एवढ्या सरळपणे येतोय म्हणजे हा माणूस आतून किती घाबरला असेल, असं तिला वाटलं. वळणांवळणांच्या रस्त्याने गाडी उतरत होती. ओदीलाचं डोकं फुटायला आलं होतं आणि मघाशी पाणी आणताना बादली लागली होती त्या जागी नडगीवर काहीतरी हुळहुळत होतं. तिने परकर जरा वर करून पाहिलं. वांग्याच्या रंगाचा मोठा डाग. बादली जोरात लागली असणार, असं म्हणून तिने परकर खाली सोडला. मामंजींनी तो डाग बघितला आणि खिडकीबाहेर तोंड वळवलं. काकांना ते एवढंच म्हणाले की जरा हाण.

इस्पितळाच्या दारातच ओदीलाने तो शब्द म्हटला. इतके दिवस घोकलेला शब्द, न अडखळता.

"एरुसिझ्मो. सुरवंटाचं विष. माझ्या सासऱ्यांना झालंय, हिरड्यांतून रक्त येतंय त्यांच्या."

सिस्टरने हातातलं काम तिथेच टाकलं. एक प्रश्न न विचारता ती त्यांना आत घेऊन गेली, काचेच्या नळ्या काढल्या, मामंजींची बाही वर केली. मामंजींनी हात मागे घेतला.

"आधी हिचं काढा," ते म्हणाले.

ओदीला चिडली. भरल्या इस्पितळात तिला सासऱ्याशी भांडायचं नव्हतं, पण तिच्या संयमाचा अंत झाला होता. निदान इथे तरी हट्ट करू नका, ती म्हणाली, एकाला घालवून बसलेय मी. बोलताना तिला ओठाच्या कडेला काहीतरी ओलं लागलं आणि तिने ते हाताच्या पाठीने पुसलं. सिस्टर तिच्याकडे बघतच राहिली. मग तिने मामंजींना बाजूला केलं आणि ओदीलाला खुर्चीत बसवलं.

तोंड उघडायला सांगितलं. हात पुढे करायला सांगितलं. हे पाकाचे डाग, ओदीला म्हणाली, अंजीर शिजवतोय आम्ही. सिस्टर हो हो म्हणाली आणि तिने ओदीलाची बाही खांद्यापर्यंत सरकवली, दंड फिरवून मागची बाजू उजेडात धरली. तिथे बारीक लाल टोचण्या होत्या, ओळीने, घासणीने घासल्यासारख्या.

"पाक उडतो तो समोरून," सिस्टर म्हणाली. "हे दंडाच्या मागे कसं आलं, बाई?"

ओदीलाला आठवलं, तसं तिने सांगितलं. काल संध्याकाळी वारा फिरला, सगळा धूर तिच्या अंगावर आला, तेव्हा ती डोळे मिटून मागे सरकली आणि क्षणभर ॲव्होकाडोच्या झाडाला टेकली. दंडावर आग झाली, त्याच वेळी कढईही उडत होती. तिने कढईला शिवी घातली आणि पुन्हा ढवळायला लागली. व्हाल्मोरने तरी सुरवंटाला शिवी घातली होती.

दोघांचंही रक्त नळ्यांमध्ये उभं राहिलं. सिस्टर मधूनमधून त्या तिरक्या करून बघत होती. काही वेळाने मामंजींची नळी आडवी केली तर रक्त जागचं हललं नाही, दह्यासारखं बसलं होतं. ओदीलाची नळी आडवी केली. रक्त पाण्यासारखं या टोकाकडून त्या टोकाकडे गेलं. सिस्टरने ती नळी जपून ठेवली आणि फोन उचलला. इथलं सीरम संपलं होतं, मोठ्या शहरातून मागवावं लागणार होतं. पलीकडच्या माणसाला तिने तो शब्द सांगितला, आणि त्याच्यापुढे ओदीलाचं नाव सांगितलं. तोच शब्द ओदीलाने दुसऱ्याच्या तोंडून स्वतःच्या नावाला जोडून ऐकला.

"तुमचं रक्त नव्हतंच ते नळीवर," ती मामंजींना म्हणाली. "माझं होतं. तुम्हाला माहीत होतं?"

"पहिल्याच तुंब्याला दिसलं. म्हटलं, द्राक्षं खाल्ली असशील. दुसऱ्याला कळलं."

"मग बोलला का नाही? ते तसंच प्यायलात?"

"बोललो असतो तर आली असतीस तू? काही नाही हो मामंजी, पाकाचा चटका आहे, म्हणाली असतीस आणि ढवळत बसली असतीस. माझा लेक असाच गेला." म्हाताऱ्याने टोपी काढून मांडीवर ठेवली. "तू मला आणायला निघालीस तेव्हा म्हटलं, येऊ दे. माझ्या निमित्ताने का होईना, येऊ दे."

ओदीलाला रडू आलं. मामंजींनी खिशातून चौकडीचा रुमाल काढला, नीट घडी घालून स्वच्छ बाजू वर केली आणि तिचा ओठ पुसला. रुमाल लाल झाला, त्यांनी घडी बदलली आणि पुन्हा पुसला. सीरम निघालं का हो, ती विचारत होती. घाट आहे, येईल, ते म्हणत होते.

सिस्टरने फोन खाली ठेवला नव्हता. बोलणाऱ्या बाजूवर तळहात ठेवून ती त्यांच्याकडे वळली.

"किती जणांचं मागवू?" तिने विचारलं. "त्या झाडाखाली आता कोण आहे?"

ओदीलाने मामंजींकडे पाहिलं. झाडाचं ऐकताच सेल्वीनोकाका किल्ली घेऊन बाहेर धावले होते, पण वर जायला तोच वळणांचा रस्ता होता. खिडकीबाहेर ऊन उतरलं होतं, वारा फिरायची वेळ झाली होती. इव्होने वन्सं तिने सांगितल्याप्रमाणे हात न थांबवता ढवळत असतील आणि तोंडावर धूर आला की एक पाऊल मागे सरकतील.