मागच्या दारातली औमा

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असं म्हणतात. पण माणसाचा रंग जिथे सरकार ठरवतं, तिथे शहाण्यालाही वकिलाचा जिना चढावा लागतो. दक्षिण आफ्रिकेतल्या केप टाऊनच्या सॉल्ट रिव्हर भागात, एका शिंप्याच्या दुकानावर क्लेमेंट फेब्रुवारी यांची कचेरी होती. साठ-एकसष्ट सालातली गोष्ट. त्या जिन्यावरून माणसं चढताना चोरासारखी चढायची आणि उतरताना त्याहून चोरासारखी उतरायची.

आडनाव फेब्रुवारी! त्यांच्या खापरपणजोबांना ज्या महिन्यात गुलाम म्हणून जहाजातून उतरवलं, तो महिना मालकाने त्यांच्या नावाला चिकटवून दिला होता. तेव्हा क्लेमेंट सरकारदरबारी ‘मिश्रवर्णी’ होते, हे ठरवायला कुणा तज्ज्ञाची गरज नव्हती. आणि गंमत अशी, की दुसऱ्यांना कायद्याने ‘गोरा’ ठरवून देण्यात या मिश्रवर्णी वकिलाचा हात धरणारा शहरात कुणी नव्हता.

एके सकाळी सिरिल जेफ्था आणि त्याची बायको योलांड आली, तेव्हा दोघांचेही चेहरे पांढरेफटक पडले होते. तसे ते मुळातच गोरे. त्या गोरेपणावर त्यांनी मोब्रेसारख्या गोऱ्यांच्या वस्तीत घर घेतलं होतं, सिरिल रेल्वेत गोऱ्यांच्या जागेवर गार्ड होता, सात वर्षांची बेरिल गोऱ्यांच्या शाळेत जात होती. पण कुणा शेजाऱ्याच्या पोटात दुखलं. त्याने सरकारच्या कानाला लागून सांगितलं, की या घरात पाणी मुरतंय. आता इन्स्पेक्टर घर बघायला येणार होता, आणि मग वर्गीकरण मंडळापुढे सुनावणी. तिथे ‘मिश्रवर्णी’ असा शिक्का बसला, की घर, नोकरी आणि शाळा तिन्ही जाणार.

“घरात आणखी कोण असतं?” क्लेमेंटनी विचारलं.

“माझी आई,” सिरिल पुटपुटला.

“दिसायला कशी आहे?” शिंपी छातीचं माप विचारतो तितक्या सहज त्यांनी विचारलं.

सिरिलने मान खाली घातली आणि बाहेरच्या बाकाकडे बोट केलं. तिथे एक काळीसावळी, सडसडीत म्हातारी मांडीवर टोपी घेऊन बसली होती. लेक-सुनेबरोबर आली होती, पण बसली होती वेगळी.

“हे बघा,” क्लेमेंट म्हणाले, “मंडळ नुसता चेहरा बघत नाही, संगत बघतं. तुमच्याकडे कोण येतं, तुम्ही कुणाला नमस्कार करता, सगळं. आईंना काही दिवस ॲथलोनच्या मिश्रवर्णी वस्तीत नातेवाइकांकडे पाठवा.”

“नाही हो,” योलांडला रडू आलं. “बेरिल त्यांच्याशिवाय जेवत नाही.”

“मग दुसरा उपाय. त्यांना एप्रन घाला. ये-जा मागच्या दाराने. विचारलंच कुणी, तर त्या तुमच्याकडे कामाला आहेत. मुलीने आजीला औमा म्हणायचं नाही, नावाने हाक मारायची. भिंतीवरचे जुने फोटो काढा. आणि एक शेवटचं. निकाल लागला, की रस्त्यात मला ओळख दाखवायची नाही. झाकली मूठ सव्वा लाखाची.”

“वकीलसाहेब, एप्रन कुठल्या रंगाचा चालेल?”

म्हातारी केव्हा दारात येऊन उभी राहिली, कुणाला कळलंच नाही. कात्रीना तिचं नाव.

“माफ करा आई, पण कायद्यापुढे...”

“अहो, माफी कसली? शेजारीण आली की मी केव्हापासून स्वयंपाकघरातच असते. ही युक्ती तुम्ही काढलीत असं वाटलं होय तुम्हाला? या शहरातल्या निम्म्या आज्यांना ती पाठ आहे!” ती हसली. लेक मात्र हसला नाही.

क्लेमेंट फेब्रुवारी दुष्ट माणूस नव्हते, हे आधीच सांगून टाकतो. बुडणाऱ्याला हात द्यावा, नदी कुणी खणली याची चौकशी नंतर, असा त्यांचा साधा हिशेब होता. त्यांच्यामुळे कितीतरी घरं वाचली होती. पण संध्याकाळी कचेरी बंद करून ते घरी चालत निघाले, की त्यांना भुतं दिसायची.

मेलेल्यांची नव्हे, जिवंतांची. कापडाच्या दुकानापुढे उभ्या असलेल्या बाई त्यांना बघताच काचेकडे तोंड फिरवायच्या. त्यांची केस क्लेमेंटनीच जिंकली होती. समोरून येणारा एखादा गृहस्थ अंगावरून वारं गेल्यासारखा निघून जायचा. त्याच्या बारशाचा केकसुद्धा क्लेमेंटनी खाल्लेला असायचा. आपणच शिकवलेलं वागणं आपल्याच वाट्याला आलं, की तक्रार तरी कुणाकडे करायची? कधीकधी त्यांना वाटायचं, मेलेले हे लोक नाहीत, आपणच आहोत.

आणि या सगळ्या भुतांत पहिलं भूत होतं लेस्ली, त्यांचा धाकटा भाऊ. रंगाने उजळ, डोळे निळसर. क्लेमेंटनी लढवलेली अशी पहिली केस त्याचीच. लेस्ली फेब्रुवारीचा लेस्ली फेबर झाला, गोऱ्यांच्या वस्तीत राहायला गेला आणि घरच्यांना मेला. तो क्लेमेंटना ‘बूटा’ म्हणायचा. तिकडे थोरल्या भावाला तसंच म्हणतात. त्यानंतर त्यांना तशी हाक मारणारं कुणी उरलं नाही.

आई गेली तेव्हा लेस्ली आला नाही. म्हणजे आला, पण आत आला नाही. मेटलंडच्या दफनभूमीसमोर, रस्त्याच्या पलीकडे बसथांबा आहे. तिथे तो टोपी हातात घेऊन उभा होता, बसची वाट बघत असल्यासारखा. पाद्री प्रार्थना म्हणत होता. बस आली, थांबली, गेली. लेस्ली तिथेच. दुसरी बस आली, तीही गेली. पेटीवर माती पडायला लागली तेव्हा क्लेमेंटनी वळून पाहिलं. थांबा रिकामा होता. तेव्हापासून कुठल्याही थांब्यावर एकटा माणूस दिसला, की ते वळून पुन्हा बघायचे.

इन्स्पेक्टर यायच्या आधीच्या रविवारी क्लेमेंट मोब्रेला जेफ्थांच्या घरी तालीम घ्यायला गेले. भिंतीवर जुन्या फोटोंच्या जागी फिकट चौकोन उरले होते. क्लेमेंट स्वतः इन्स्पेक्टर झाले, दार वाजवून आत आले, खुर्चीत ऐटीत बसले आणि बेरिलला विचारलं, “ही बाई कोण गं?”

“ही कात्रीना. आमच्याकडे काम करते,” बेरिल घडाघडा म्हणाली.

“शाबास!” सिरिल म्हणाला. त्याचा आवाज चिरकला.

तालीम संपली. सगळ्यांनी सुटकेचा निःश्वास सोडला. औमाने तळून पाकात मुरवलेल्या कूकसिस्टरांची बशी आणली. रविवारची सकाळ तिकडे त्यांच्याशिवाय उजाडत नाही. बेरिलला वाढताना पाकाचा एक थेंब तिच्या नव्या फ्रॉकवर पडला.

“कात्रीना! डोळे फुटले का तुझे?” बेरिल किंचाळली. “मम्मी, हिला काढून टाक ना! दुसरी आण!”

ही तालीम नव्हती! पोरगी खरंच बोलली होती, आणि आपण काय बोललो हे तिच्या गावीही नव्हतं. ती फ्रॉककडे बघत बसली होती.

“घ्या,” औमा शांतपणे म्हणाली, “पोर पास झाली.” तिने ओल्या फडक्याने फ्रॉक पुसला, बशी उचलली आणि मागच्या दाराने बाहेर जाऊन पायरीवर बसली. योलांड तोंडावर हात दाबून उभी होती. क्लेमेंट उठून म्हातारीच्या मागे गेले.

डोंगरावर ढग उतरला होता आणि बोचरा वारा सुटला होता. औमाने पायरीवर सरकून त्यांना जागा दिली.

“तू एमिली फेब्रुवारीचा थोरला ना रे?” तिने एकदम विचारलं. तिच्या बोलण्यातलं ‘वकीलसाहेब’ गळून पडलं. “चर्चमध्ये एका बाकावर बसायचो आम्ही. तिच्या मातीला आले होते मी. पलीकडे थांब्यावर तो एकजण उभा होता. बस आली, गेली. त्याला कुठली बस हवी होती रे?”

“कुठलीच नाही. तो आमचा लेस्ली होता,” क्लेमेंट म्हणाले.

“मी पोरीवर रागावले नाही. तिला जे शिकवलं ते ती शिकली. तुझ्यावरही नाही. पण मला एक सांग. तू केस जिंकतोस म्हणजे काय करतोस?”

“एक घर वाचवतो, औमा.”

“एक घर वाचवतोस, खरं. पण काय म्हणून? साहेब, तुमची भिंत अगदी बरोबर आहे, फक्त ही एक वीट चुकून पलीकडे गेली, तेवढी इकडे घ्या. असंच ना? म्हणजे तू जिंकलास की भिंतीला आणखी एक टेकू!”

“कायदाच तसा आहे. मी एकटा काय करणार? पाण्यात राहून माशाशी वैर...”

“अरे, मासा तुला रोज खातोय, आणि वैर नको म्हणतोस? मी न शिकलेली बाई. मला एवढंच कळतं, की डॉक्टर रोग बघतो आणि वकील अन्याय बघतो. तुम्ही आम्हाला रोग लपवायला शिकवता. कुणीतरी त्यांना एकदा विचारा की रे, तुम्ही कोण आमचा रंग मोजणारे? विचारायचं काम तुमचंच. मी विचारलं तर पोलीस नेतील. तू विचारलंस तर निदान लिहून घ्यावं लागेल.”

मागे दारात सिरिल आणि योलांड उभी होती.

“तसं विचारलं तर आपण हरू,” क्लेमेंट त्यांच्याकडे बघत म्हणाले. “घर जाईल, नोकरी जाईल. ठरवायचं तुम्ही.”

योलांडने पुढे येऊन सासूच्या कमरेच्या एप्रनची गाठ सोडायला घेतली. गाठ सुटता सुटत नव्हती.

“पुढच्या वर्षी बेरिल हे मनापासून बोलेल,” ती म्हणाली. “आणि मोठी झाली की मला म्हणेल. तुम्ही विचारा, साहेब.”

सिरिलने मान डोलावली आणि तो आईच्या पायाशी बसला.

इन्स्पेक्टर आला तेव्हा दार औमाने उघडलं, पुढचं. आणि सुनावणीच्या दिवशी ती क्लेमेंटच्या शेजारी, रविवारची टोपी घालून मंडळासमोर बसली.

“ही बाई कोण?” अध्यक्षांनी विचारलं. त्यांचा क्लेमेंटवर लोभ होता. बिचारा कधी त्रास देत नाही, असं ते सांगत.

“माझ्या अशिलाच्या आई.”

“मिस्टर फेब्रुवारी, हिला इथे आणून तुम्ही अशिलाच्या पायावर धोंडा मारताय, कळतंय ना?”

“कळतंय. माझे दोनच अर्ज आहेत. ज्याने तक्रार केली त्याला इथे शपथेवर उभं करा. आणि रंग मोजायचं मंडळाचं माप काय, ते नोंदीत लिहा. ते माप खरं असेल, तर आधी मंडळाला लावून दाखवा. तीनही सभासदांनी आपापल्या आजीचं नाव सांगावं आणि तिचा फोटो इथे टेबलावर ठेवावा!”

एका सभासदाने खिडकीबाहेर नजर लावली. दुसऱ्याने चष्मा काढला आणि पुसत राहिला. केपमधली जुनी घराणी ती! कुणाच्या आजीचा फोटो कुठल्या पेटीच्या तळाशी पालथा पडलाय, हे ज्याचं त्याला ठाऊक.

“हा मंडळाचा अपमान आहे!” अध्यक्ष गरजले.

“हा प्रश्न आहे, साहेब. इतकी वर्षं मी माझ्या अशिलांना हाच विचारत आलो. त्यांचाही अपमानच होत होता, हे मला फार उशिरा कळलं!”

मंडळाचा निकाल अर्थातच विरुद्ध गेला. सिरिलची नोकरी गेली, मोब्रेचं घर सुटलं, आणि जेफ्था ॲथलोनच्या दोन खोल्यांत राहायला गेले. बेरिल नव्या शाळेत महिनाभर रडली. मग एके दिवशी औमाच्या कुशीत शिरून तिने विचारलं, “तू मला काढून टाकणार नाहीस ना?” म्हातारी त्या दिवशी पहिल्यांदा रडली.

क्लेमेंट वरच्या कोर्टात गेले. तिथे एवढंच ठरलं, की निनावी कुजबुजीवरून कुणाचा रंग बदलता येणार नाही, तक्रारदाराला समोर यावं लागेल. जेफ्थांचा शिक्का रद्द झाला, पण ते मोब्रेला परतले नाहीत. भिंत काही पडली नाही. तिला पडायला आणखी एक पिढी जावी लागली. पण तो निकाल हातात धरून पुढचा वकील ताठ उभा राहू शकला, आणि त्याच्या मागचा आणखी ताठ.

मंडळी, अन्यायातून एखाद्याला गुपचूप सोडवणं हे पुण्यच आहे, मी त्याला नावं ठेवणार नाही. पण ज्याला प्रश्न विचारायचा अधिकार आहे, तो नुसत्या पळवाटा दाखवत राहिला, तर अन्यायाला वकील मिळतो आणि माणसाला मिळत नाही. हरणार हे ठाऊक असूनही जो जाहीर विचारतो, तोच पुढच्याची वाट मोकळी करतो. कोर्टात असो, घरात असो, आपल्या माणसाला मागच्या दारात बसवून मिळालेलं काहीही सुखाने भोगता येत नाही.

वरच्या कोर्टाचा निकाल वर्तमानपत्रात आला, त्याच्या पुढच्या रविवारी क्लेमेंट आईच्या थडग्यावर फुलं ठेवायला गेले. उठून वळले तर समोरच्या बसथांब्यावर एक माणूस उभा. केस पिकलेले, टोपी हातात. क्लेमेंटनी डोळे मिटले. भूत असेल तर जाईल, म्हणून. उघडले तेव्हा मध्ये बस येऊन उभी होती. ती गेली. थांबा रिकामा होता.

त्यांनी सुस्कारा टाकला. तेवढ्यात फाटकाचं लोखंड करकरलं. भर उजेडात, चार लोकांच्या देखत, लेस्ली आत येत होता.

“बस चुकली का रे?” क्लेमेंटनी विचारलं.

“आई गेली त्या दिवसापासून चुकतेच आहे, बूटा.”