चुना लावलेलं अक्षर

त्रेचाळीस वर्षांत थुयेन गुरुजींनी फुलाला फूल म्हटलं नव्हतं. कमळ म्हणत, चाफा म्हणत, अगदीच अडलं तर बोट दाखवून "ते" म्हणत. त्यांच्या भाषेत फूल म्हणजे 'होआ', आणि होआ हे बादशहाच्या आईचं नाव. ते प्रजेने उच्चारायचं नाही, पुरतं लिहायचंही नाही. लिहिणं टळत नसेल तर एक रेघ गाळायची. गुरुजी तीन वर्षांचे असताना हा हुकूम निघाला होता. अख्ख्या प्रांताचं नाव थान्ह होआ. त्या भाषेत उच्चाराचा सूर बदलला की शब्दच बदलतो, म्हणून त्या नावातल्या 'होआ'चा सूर वर चढवला, अर्थ बदलून घेतला आणि प्रांत सुटला. गुरुजींच्या गावाला तेवढीही सवलत मिळाली नाही. होआ-तन, म्हणजे फुलांचा काठ, एका सकाळी बा-तन झालं, लाटांचा काठ. मा नदीने हे जरा जास्तच मनावर घेतलं. पुढच्या साठ वर्षांत तिने गावाचा अर्धा काठ खाल्ला, आणि गावाची जुनी जमीन पलीकडे, दाई-खे गावाच्या नाकासमोर, बेट होऊन उरली.

त्या बेटावर बा-तनची तुती होती. गावात साठ घरं, घराघरात रेशमाचे किडे, आणि किड्यांना पाला लागायचा तो बेटावरचा. बेट गेलं तर किडे मरणार आणि मागोमाग गाव उठणार, हे सांगायला कोणी शहाणा नको होता. आणि दाई-खेने तेच बेट मागितलं होतं.

सुनावणी तालुक्याच्या कचेरीत होती. वीस वर्षांपूर्वी फ्रेंच इथवर आले आणि मुलुखाचे तीन तुकडे झाले. दक्षिणेचा तुकडा त्यांनी त्याच्या कितीतरी आधीच खालसा केला होता, उत्तरेत त्यांच्या शब्दापुढे कोणाचं चालत नव्हतं, आणि मधल्या तुकड्यात, जिथे थान्ह होआ येत होतं, बादशहाही होता आणि साहेबही. जमिनीचा निकाल साहेब द्यायचा, फटके दरबारचा अधिकारी द्यायचा. त्या अधिकाऱ्याला लोक 'मोठे क्वान' म्हणत. रयतेने दोघांनाही वाकून नमस्कार करायचा, कोणाला आधी ते आपापल्या अकलेने ठरवायचं.

"गुरुजी, दोन अक्षरं तर वाचायची आहेत," गावाचा कारभारी बिएन म्हणाला. चौघांनी होडीतून देवळाची पितळी घंटा उतरवून अंगणात ठेवली होती. बिएनच्या काखेत जुन्या ले राजांच्या काळची बेटाची सनद होती.

"तुला दोन दिसतात. मला एकच दिसतं."

"तुम्ही आपलं 'बा-तन' म्हणून मोकळे व्हा. त्या गोऱ्याला काय कळतंय?"

"गोऱ्याला नाही कळणार. पण समोर कोण बसलाय ते बघितलंस का?"

बिएनने बघितलं आणि त्याच्या तोंडचं पाणी पळालं. दाई-खेच्या बाजूने खोआत बसला होता. दाढी पांढरी, नखं लांब, परीक्षा पास झाल्याची ऐट चाळीस वर्षांनीही उतरलेली नाही. त्रेचाळीस वर्षांपूर्वी, चोविसाव्या वर्षी, गुरुजी प्रांताच्या परीक्षेला बसले, तेव्हा शेजारच्या तंबूत हाच खोआत होता. वसंतावरच्या निबंधात, लिहिण्याच्या ओघात, गुरुजींनी होआ पुरतं लिहिलं. एक रेघ गाळायची राहिली. चाळीस फटके आणि जन्मभर परीक्षेला बंदी. खोआतने ते फटके मोजले होते, आणि पुढे लग्नकार्यात लोकांना मोजून दाखवायचा.

अंगणालगतच्या ओसरीत मेजामागे साहेब घाम पुसत बसला होता. एका हाताला क्वान, दुसऱ्या हाताला लान्ह नावाचा दुभाष्या, दक्षिणेकडचा, चाळिशीचा, पान खाऊन ओठ लाल केलेला. साहेब एकेक कागद ओढायचा, सही करायचा आणि पितळी मुठीचा शिक्का धाडकन मारायचा. दर धडाक्याला क्वानच्या पापण्या मिटायच्या, पण पाठ ताठ राहायची.

खोआतने तक्रार मांडली ती अगदी नम्रपणे. "साहेब, बेट ज्या गावाला दिलं त्या गावाचं नाव सनदेत आहे. ते नाव बा-तन नाही. बा-तनच्या लोकांनी कुठल्यातरी मोडलेल्या गावाची सनद पैदा केलीय. आमचं एवढंच म्हणणं, सनद मोठ्याने वाचावी."

"गावाचं नाव बदललं होतं," बिएन म्हणाला. "बादशहाच्या हुकमाने. घंटेवर जुनं नावच आहे. दीडशे वर्षं ती आमच्या देवळात आहे, यांचं गावसुद्धा तिच्या टोल्यांवर जेवतं आणि झोपतं."

"हुकमाचा कागद?" साहेबाने विचारलं.

"दंगलीत जळाला."

"मग सनद वाचा, घंटाही वाचा. नाव एकच निघालं तर बेट तुमचं." साहेबाने क्वानकडे बघितलं. "तुम्ही वाचता का?"

क्वानने बाह्यांत हात लपवले. "हे माझ्या पदाला शोभणार नाही."

"दुभाषे?"

"मला चिनी अक्षरं येत नाहीत, साहेब. आमच्याकडे पोरांना तुमचीच अक्षरं शिकवतात."

सगळ्यांच्या नजरा गुरुजींवर आल्या. ते पुढे झाले. त्यांनी सनद उलगडली. पहिल्या ओळीत राजाचं वर्ष होतं, ते वाचलं. दुसरीत तालुका, तोही वाचला. तिसऱ्या ओळीच्या डोक्यावर ते अक्षर बसलेलं होतं, सगळ्या रेघांसकट, भरलेलं. गुरुजींनी वाचलं, "बा-तन."

"वा," खोआत म्हणाला. "साहेब, क्वानमहाराजांना विचारा, कागदावर हेच लिहिलंय का?"

क्वान अवघडला. खोटं बोलावं तर साहेबापुढे, खरं बोलावं तर स्वतःच्या जिभेला धोका. "जे लिहिलंय," तो जपून म्हणाला, "आणि जे वाचलंय, ते एक नाही."



साहेबाने लेखणी ठेवली. तो चिडला नव्हता, त्याला जेवायची घाई होती. "म्हातारबाबा खोटं वाचतायत असं दिसतं. आणखी एक संधी. आहे तसं वाचा. नाहीतर बेट दाई-खेचं."

दुभाष्याने ते सांगितलं, आणि हळूच आपलं एक वाक्य जोडलं. "गुरुजी, काय अडलंय तुमचं?"

"शब्द अडलाय. तुमच्याकडे फुलाला काय म्हणता?"

"बोंग."

"मग तुम्ही सुटलात."

गुरुजी घंटेशी गेले. तिच्या पोटावर गावाचं नाव कोरलं होतं, आणि त्यातल्या पहिल्या अक्षरावर चुन्याचा जाड थर होता. बादशहाचा हुकूम आला त्या आठवड्यात त्यांच्याच बापाने तो लावला होता. दर नववर्षाला वर नवा हात फिरे. गुरुजींनी कमरेची सुपारी कापायची सुरी काढली.

"गुरुजी, राहू द्या," बिएन कुजबुजला. "चाळीस फटके या वयात नाही सोसणार."

गुरुजींना फटक्यांची भीती होतीच, ती नाकारण्यात अर्थ नाही. पाठीला आठवण असते. पण चुना खरवडताना त्यांना आठवली ती बायको. तिला सगळे हुए म्हणत. ती त्यांच्याच वयाची, हुकमाच्या आधी जन्मलेली. बापाने तिचं नाव होआ ठेवलं होतं, आणि तीन वर्षांची असताना ते काढून घेतलं गेलं. सहा वर्षांपूर्वी ती तापाने पडली. गुरुजी परवाना काढून, दोन दिवस चालून, थान्ह होआच्या पेठेतून औषध घेऊन आले. तिने ते बाजूला ठेवलं आणि म्हणाली, "अहो, एकदा मला माझ्या नावाने हाक मारा." दार बंद होतं. घरात दोघंच होती. गुरुजींनी तोंड उघडलं आणि म्हणाले, "हुए." ती हसली आणि भिंतीकडे वळली. त्यानंतर ती बोलली नाही.

चुना पापुद्र्यांनी निघाला. खाली अक्षर कोरं करकरीत होतं. साठ वर्षांत त्याला हवाच लागली नव्हती. गुरुजींनी एक हात घंटेवर ठेवला, दुसऱ्याने सनद वर धरली.

"होआ-तन," ते म्हणाले. आवाज चिरका निघाला, म्हणून पुन्हा म्हणाले, "दोन्हीकडे तेच आहे. होआ-तन. माझं गाव."

अंगणातल्या माना खाली गेल्या. दाई-खेचे लोकही खाली बघू लागले. खोआत तेवढा बघत होता, आणि त्याच्या चेहऱ्यावर समाधान होतं.

"धरा त्याला," क्वान म्हणाला. दोन शिपायांनी गुरुजींना गुडघ्यावर बसवलं. "चाळीस."

"थांबा," साहेब म्हणाला. "काय केलं त्यांनी? मी वाचायला सांगितलं, त्यांनी वाचलं."

"निषिद्ध शब्द उच्चारला. बेट आपल्या अधिकारातलं, साहेब. शब्द माझ्या."

"असेल. पण शिक्षा माझ्यासमोर होतेय, तेव्हा मला नोंद करावी लागेल. कोणता शब्द?"

क्वानने पुन्हा बाह्यांत हात लपवले.

"कोणता शब्द, ते सांगा. मी लिहून घेतो."

 क्वानने खोआतकडे पाहिलं. खोआत आपली लांब नखं बघू लागला. ज्याने हा सापळा लावला त्यालाच आता त्यात पाय घालायचा होता, आणि त्याची काही तयारी दिसत नव्हती. एक शिपाई दुसऱ्याच्या कानात पुटपुटला, "सांगेल त्यालाही चाळीस."

"दुभाषे, तुम्ही ऐकलंत ना?"

लान्हने पानाची पिंक अंगणात टाकली आणि मेजाशी आला.  त्याने साहेबाचा शिक्का उचलला, उलटा केला आणि त्याच्या कडेवर बोट ठेवलं. साहेबाने शिक्क्याकडे पाहिलं, लान्हकडे पाहिलं, आणि पोट धरून हसायला लागला.

"काय आहे त्यावर?" क्वानने विचारलं.

"आपल्या प्रांताचं नाव, महाराज."

"ते मला माहीत आहे."

"फ्रेंच लोक सूर लिहीत नाहीत. त्यांच्या अक्षरांना वरचे सूर, खालचे सूर काही नसतं. तेव्हा चढवलेला होआ आणि... तो दुसरा, दोन्ही एकच दिसतात. वाचायला गेलं तर तो दुसराच वाचला जातो." लान्ह अदबीने वाकला. "मी तो आपल्यासमोर म्हणू शकत नाही. मग मलाही चाळीस."

क्वानने शिक्का हातात घेतला. फ्रेंच अक्षरं त्याला वाचता येत नव्हती. बारा वर्षं साहेबाचा प्रत्येक कागद त्याने दोन्ही हातांनी कपाळाला लावून घेतला होता, पेटीत ठेवला होता, बादशहाच्या दरबारात पुढे पाठवला होता. आता तो शिक्क्याकडे असा बघत होता की गुरुजींना, शिपायांच्या हातात असूनही, त्याची दया आली.

"सोडा त्यांना," तो शेवटी म्हणाला. शिक्का त्याने जपून, तोंड खाली करून ठेवला.

साहेबाने निकाल लिहिला. बेट होआ-तनचं, ऊर्फ बा-तनचं. धाडकन शिक्का बसला, आणि या वेळी क्वान दचकला. उठताना त्याने बिएनला जवळ बोलावलं. "बेट तुमचं. पण ती घंटा नेण्याआधी तिला पुन्हा चुना लावा."

चुना कचेरीच्या मागेच मिळाला. बिएनने लावला, आनंदाने लावला. बेट हाती आल्यावर माणूस काहीही लावतो. खोआत कोणाशी न बोलता निघून गेला.

गुरुजी लान्हजवळ गेले. "त्या शिक्क्यात तो शब्द नेमका कुठे असतो?"

"शेवटची तीन अक्षरं." लान्हने पानाच्या रंगाने भरलेल्या बोटाने मेजाच्या कडेवर काढून दाखवली. "ही एका पायरीची शिडी. ही बांगडी. हा तंबू."

"किती वर्षं आहे हा शिक्का?"

"मी बारा वर्षं बघतोय. प्रत्येक कागदावर मारतात. निकाल, दाखले, परवाने."

"परवाने," गुरुजी म्हणाले.

होडीत सगळे गात होते. बिएनने उतरताना गुरुजींना खांद्यावर घ्यायचं म्हटलं, त्यांनी घेऊ दिलं नाही. ते घरी आले, पाय धुतले आणि पूजेला मांडलेल्या, गेलेल्या बायकोच्या नावाच्या पाटीखालची पेटी उघडली. पाटीवर 'हुए' होतं. पेटीत औषधाची पुडी न फोडता ठेवलेली होती, आणि तिला गुंडाळलेला जुना परवाना. तो त्यांनी दाराशी उजेडात नेला. शिक्का पुसट झाला होता, तरी शोधावा लागला नाही. शिडी, बांगडी, तंबू.

ती भिंतीकडे वळली, त्या दिवशीही हा कागद त्यांच्या कमरेलाच होता. साहेबाने शिक्का मारलेला, क्वानने कपाळाला लावलेला. सगळा मुलूख तिचं नाव खिशात घेऊन हिंडत होता, आणि बंद दाराआड ते एकटेच घाबरले होते.

ते पाटीसमोर बसले. उदबत्ती लावायचंही त्यांना सुचलं नाही.

"होआ," ते म्हणाले. बाहेर बेटाकडे निघालेल्या बायका हसत होत्या. गुरुजी पुन्हा, जरा मोठ्याने, कोणी ऐकलं तरी चालेल अशा आवाजात म्हणाले, "होआ, अगं ऐकलंस का?"