पाठीवरचा त्रिकोण

मास्तरांनी मार्करचं टोपण दातांत धरलं आणि कैद्याच्या उघड्या पाठीवर, उजव्या बाजूला, एक मोठा त्रिकोण काढला. कैदी शहारला.

"गार लागतं रे जरा," टोपणाआडून मास्तर म्हणाले.

तुरुंगाच्या जेवणघरात बाकांवर बावीस पहारेकरी वह्या उघडून बसले होते. गेल्या महिन्यात एका कैद्याचा हात मोडला, चौकशी लागली आणि वरून हुकूम सुटला: अंगावर येणाऱ्या माणसाला इजा न करता कसं आवरायचं, ते पहारेकऱ्यांना शिकवा. म्हणून वैद्यकीय महाविद्यालयात चौतीस वर्षं हाडं शिकवून निवृत्त झालेल्या मास्तरांना बोलावणं गेलं. मास्तर तर टपलेलेच होते. घरी बायकोनं ऐकणं केव्हाच सोडलं होतं.

"हे खांद्याचं पातं. गंमत बघा, हे ना बरगड्यांना सांधलेलं, ना कण्याला. स्नायूंच्या भरवशावर पाठीवर फिरत असतं बिचारं. खांदे उडवले की वर जातं, ते उन्नयन. खाली आलं की अवनमन. हात बाजूनं वर नेला की अपवर्तन. लिहा, लिहा! आणि तू रे, भिंतीला हात टेकव आणि ढकल बघू."

कैद्यानं भिंत ढकलली. त्याबरोबर पात्याची आतली कड मार्करच्या रेघेसकट पाठीतून टरारून बाहेर आली. तिच्याखाली चार बोटं सहज गेली असती.

"अरे वा! वा, वा!" मास्तरांनी टाळीच वाजवली. "याला पंखी पातं म्हणतात. उभ्या नोकरीत मी दोन पाहिली. आमची पोरं पुस्तकातल्या चित्रावर भागवतात आणि तुमच्याकडे हे चालतंबोलतं! या ना, जवळ येऊन बघा."

कुणी उठलं नाही. मास्तरांचं लक्षच नव्हतं.

"उगाच होत नाही बरं का हे. काखेजवळून एक लांब नस खाली उतरते. हात मागे पिरगाळून कुणी वर उचलला, एकदा नव्हे, पुन्हा पुन्हा, की ती ताणून ताणून निकामी..."

"सर," कैदी भिंतीकडे तोंड ठेवूनच पुटपुटला, "पुढचं बोलू नका. तुम्ही जाल घरी."

 मास्तरांनी वळून पाहिलं. सगळे पहारेकरी माना खाली घालून वह्यांत बघत होते. एकटा त्यांचा मुख्य, ज्याला सगळे दादा म्हणत, मास्तरांकडे बघत होता.

"छान सांगता, सर," दादा म्हणाला. "मी काय म्हणतो, किती उचलला की असं होतं? म्हणजे आम्हाला त्याच्या बोटभर अलीकडे थांबता येईल."

बाकांवर हशा पिकला. पेनं वर झाली.

मास्तरांना स्वतःच्याच थोबाडीत मारावीशी वाटली. याची पाठ चव्हाट्यावर मांडून आपण चहा पिऊन निघून जाणार, आणि हा याच लोकांत राहणार. खांदा साठ अंश मागे जातो, कुरकुरत नाही. पाच अंशांच्या चुकीसाठी त्यांनी पोरांना नापास केलं होतं.

"तीस," मास्तर म्हणाले.

"एवढंच?"

"तीसच्या पुढे गेलात की छातीतली नस दबते आणि हृदय थांबतं. माणूस जागच्या जागी खलास. आणि शवविच्छेदनात लपत नाही हं. काल पास झालेला डॉक्टरसुद्धा ओळखेल." एकूण एक शब्द खोटा होता. "लिहून घ्या."

दादानं लिहिलं नाही. तो उठला, कैद्याचं मनगट धरून त्यानं हात मागे पिरगाळला आणि गुडघा कमरेत घालून त्याला भिंतीवर आपटला. कैद्याचं कपाळ भिंतीवर थाडकन वाजलं.

"सोडा त्याला!" मास्तरांचा आवाज चिरकला.

"शिकतोय, सर. हे वीस." दादानं हात वर रेटला. खांद्यात कट् असा आवाज झाला आणि कैद्याच्या घशातून विचित्र हुंकार निघाला. "हे पंचवीस. आणि हे..."

कैद्याचे गुडघे दुमडले. दादाच्या हातातून मनगट निसटलं आणि कैदी भिंतीवरून बाजूला कलंडत सरळ तोंडावर पडला. सावरायला त्यानं मोकळा हातही पुढे केला नाही. दात फरशीवर आपटले, ओठ फाटला, रक्त पसरलं. मग तो हललाच नाही.

बाकं धडाधड मागे सरकली. मास्तर गुडघ्यांवर बसले आणि त्यांनी त्याच्या मानेवर दोन बोटं ठेवली. नाडी घोड्यासारखी दौडत होती. एक गाल फरशीला टेकलेला, वरचा डोळा उघडा होता, आणि तो थेट मास्तरांकडे बघत होता.

मास्तरांनी पुढे वाकून त्या डोळ्यावर आपली सावली धरली.

"नाडी लागत नाहीये," ते म्हणाले. "माझी गाडी दारात आहे. उचला, हॉस्पिटलात न्यायचंय. आणि त्या हाताला कुणी शिवायचं नाही."

चौघं धावत आले. दादा भिंतीला टेकून उभा होता. त्याचा चेहरा पांढराफटक पडला होता.

"सर," तो म्हणाला, "तीस नव्हतेच हो. पंचवीस होते. तुम्ही पाहिलंत ना? लिहा ना तसं. पंचवीस."