गोल बैठकीची चाकं

सासऱ्यांना सकाळी उठल्याबरोबर घरभर स्क्रू आवळत फिरायची सवय होती. खाटेचे बोल्ट, दाराच्या बिजागऱ्या, कुकरचं हँडल, नातीच्या सायकलची सीट, काही म्हणजे काही सुटायचं नाही. एकदा त्यांनी मोरीतला नळ इतका आवळला की तो उघडायला शेजारच्या काकांना बोलवावं लागलं. गल्लीतली पोरं त्यांना 'पानेवाले आजोबा' म्हणायची.

सुनेला त्यात फारसं वावगं वाटत नसे. ती चष्म्याच्या दुकानात कामाला होती आणि दिवसभर नखाएवढे स्क्रू फिरवणं हेच तिचं काम होतं. तिला एकच गोष्ट खटकायची. ज्या माणसाने तीस वर्षं टायरचं दुकान चालवलं, तो घरच्या गाडीच्या चाकाला बोटही लावत नसे. पंक्चर झालं तर रिक्षा करून दुसऱ्याकडून माणूस आणायचा. दुकान अकरा वर्षांपूर्वी बंद केलं ते कंबर दुखते म्हणून. पण घरात पाना घेऊन वाकताना ती कंबर कधी दुखलेली कुणी पाहिली नव्हती. आणि गाडीत बसताना, दार उघडायच्या आधी, ते मागच्या डाव्या खिडकीतून आत एकदा बघून घेत. काय बघता म्हणून विचारलं की म्हणत, "काही नाही, चल."

त्या आठवड्यात सुनेने गाडी एका खड्ड्यात अशी आपटली की डावीकडच्या पुढच्या चाकाच्या रिमला चीर गेली आणि मागची रिम वाकली. नवरा नोकरीसाठी बाहेरगावी होता. तो फोनवर म्हणाला, "चारही बदलून टाक. चांगली अलॉयची चाकं घे, गाडीला जरा रूप येईल. बाबांना विचार कुठली घ्यायची ते."

"बाबा बोलतात का चाकांविषयी?"

"मग दुकानदार सांगेल की."

दुकानदाराने सांगितलं. त्याने गाडी नुसती लांबून बघितली आणि फळीवरची चार चकचकीत चाकं खाली काढली. "चौदा इंची, चार बोल्टची. डोळे झाकून घेऊन जा, मॅडम. जुनेच नट वापरू, नव्या नटांचा उगाच खर्च कशाला?"

"बसतील ना पण?"

"बसतील काय, बसलीच म्हणा."

तासाभरात चाकं चढली. दुपारी चारच्या सुमाराला तिने गाडी अंगणात आणली. सासरे पायरीवर वर्तमानपत्र वाचत होते. गाडी फाटकातून आत वळली तसं त्यांनी पेपर बाजूला ठेवला. ती उतरली तोवर ते गाडीपाशी येऊन पोचले होते. चेहरा पांढराफटक.

"इंजिन बंद कर. किल्ली दे माझ्याकडे."

"का? आवडली नाहीत?"

"किल्ली दे म्हणतो ना!"

सासरे तिच्यावर असे कधी ओरडले नव्हते. तिने किल्ली दिली. त्यांनी डिकीतून पाना आणि जॅक काढला, पुढच्या डाव्या चाकाशी बसले आणि नट थोडे थोडे सैल करायला लागले. पाना एकदाही घसरला नाही. अकरा वर्षांत विसरले काहीच नव्हते. सून बघत उभी राहिली. नट सैल झाल्यावर त्यांनी जॅक गाडीखाली सरकवला आणि मान वर न करता, गिऱ्हाइकाशी बोलावं तसं म्हणाले, "ताई, जरा खाली उतरता का? गाडी वर घ्यायचीय."

सून गाडीच्या बाहेरच उभी होती. शिवाय ते तिला ताई कधीच म्हणत नसत.

तिने मागच्या सीटकडे बघितलं. सीट रिकामी होती. पण गाडीचा मागचा डावा कोपरा, जड माणूस उतरल्यावर उचलला जातो तसा, दोन बोटं वर आला. जॅकचा दांडा अजून एकदाही फिरवलेला नव्हता.

तिने स्वतःला सांगितलं, स्प्रिंग असेल. खड्ड्यात आपटली होती ना गाडी. मग ती चार पावलं मागे सरकली आणि तुळशीच्या कुंडीला टेकून उभी राहिली.

सासऱ्यांनी चाक उतरवलं आणि तिला हाक मारली. "इकडे ये. बोट घाल इथे."

चाक जिथे बसतं तिथे मधोमध एक गोल उंचवटा होता. नव्या चाकाचं मधलं भोक त्याच्यावर ठेवलं तर सगळीकडून फट राहत होती. तिची करंगळी आत जात होती.

"हे दुसऱ्या गाडीचं चाक आहे. ह्या उंचवट्याने चाक मधोमध धरायला पाहिजे. फट राहिली तर चाक नटांवर लोंबकळतं. पण ह्याला कडं मिळतं, ते घातलं की फट भरते." मग त्यांनी एक नट तिच्या तळहातावर ठेवला. "ह्याचं टोक बघ. निमुळतं आहे. आता चाकातलं भोक बघ."

तिने बघितलं. भोकाची कड वाटीसारखी गोल होती.

"आमच्यात ह्याला बैठक म्हणतात. गोल बैठकीला गोल तोंडाचा नट लागतो. निमुळता घातला तर तो नुसता कडेला टेकतो. आवळताना हाताला घट्ट लागतो, पार घट्ट. तू कितीही ओढ, तुला वाटेल झालं काम. आणि रस्त्यावर एकेक करून सुटत जातो." ते जमिनीवरच बसले. "मला माहीत होतं हे. तेव्हाही माहीत होतं."

ती त्यांच्या शेजारी बसली. काय माहीत होतं, हे तिला विचारावं लागलं नाही.

अकरा वर्षांपूर्वी एक ग्रंथपाल आपल्या बायकोला घेऊन दुकानात आला होता. कुणाकडून तरी जुनी अलॉय चाकं घेऊन आला होता, कारण बायकोला तशी आवडत. चाकं गोल बैठकीची होती आणि त्याच्या गाडीचे नट निमुळते. गोल नट दुकानात संपले होते, दोन दिवसांनी येणार होते. पण त्यांना लगेच जायचं होतं, बाहेर गिऱ्हाइकांची रांग होती, आणि टायरवाल्याने जुनेच नट लावून दिले. बाई गाडीतच मागे डावीकडे बसून होत्या, मांडीवर पिशवी घेऊन. तिसऱ्या दिवशी उतारावर पुढचं डावं चाक निखळून शेतात गेलं. गाडी उलटली. बाई जागच्या जागी गेल्या.

"पोलिसांनी लिहिलं, वेग जास्त होता म्हणून गाडी उलटली आणि चाक निखळलं. नट कुणी शोधलेच नाहीत. मला कुणी काही विचारलं नाही. मी वाट बघत होतो, आज विचारतील, उद्या विचारतील. महिन्याने दुकान बंद केलं."

"आणि ते ग्रंथपाल?"

"त्यांना वाटतं त्यांनीच मारलं."

सुनेला त्यांचा राग आला. तो तिने लपवला नाही. "अकरा वर्षं, बाबा? खाटेचे बोल्ट आवळत बसलात?"

ते मागच्या डाव्या खिडकीकडे बघत राहिले.

दुसऱ्या दिवशी दोघं रिक्षाने दुकानात गेले. चार चाकं मागे, आणि गाडीचं मूळ न वाकलेलं एक चाक सासऱ्यांच्या मांडीवर. दुकानदार कुरकुरला, पण सासऱ्यांनी पिशवीतून मापायचा कॅलिपर काढल्यावर गप्प झाला. ते एकेक गोष्ट मापत गेले आणि सून ती आपल्या वहीत लिहीत गेली: भोकं किती, समोरासमोरच्या दोन भोकांतलं अंतर किती, मधलं भोक केवढं, रुंदी किती. मग चाक उताणं घालून त्यावर पट्टी आडवी ठेवली आणि चाक हबला, म्हणजे त्या उंचवट्याभोवतीच्या तबकडीला, टेकतं ती जागा किती खोल आहे ते बघितलं. "हे चुकलं तर चाक बाहेर येतं नाहीतर आत घासतं. वळताना कळतं, आणि तेव्हा उशीर झालेला असतो." शेवटी चाक किती वजन पेलतं तो आकडा. तो चाकाच्या पाठीवर कोरलेला होता, धुळीखाली. तिला हे सगळं ओळखीचं वाटलं. चष्म्याचा नंबर बरोबर असला तरी दोन बुबुळांतलं अंतर चुकलं तर माणसाचं डोकं दुखतं. तिने तसं म्हटलं. सासरे म्हणाले, "तुमच्याकडे नुसतं डोकं दुखतं. बरं आहे."

अलॉयमध्ये दोन जोड जवळपास जुळत होते. जवळपास म्हटल्यावर त्यांनी दोन्ही बाजूला सारले. घेतली ती लोखंडाची काळी साधी चाकं, मूळ गाडीला होती तशीच. सगळे आकडे जुळले. नट बैठकीत हाताने फिरवले तरी अलगद जाऊन मधोमध बसत होते. मग दुकानातल्या पोऱ्याने घरी येऊन चाकं चढवली आणि ते गाडी दुकानात घेऊन आले. दुकानदाराने नट टॉर्क पान्याने, म्हणजे ठरलेल्या जोराने, आवळले, तरी सासऱ्यांनी पुन्हा एकदा स्वतः तपासले आणि म्हणाले, "पन्नास किलोमीटर झाले की परत आवळायचे. विसरायचं नाही."

मग त्यांनी दुकानातून एक गोल आणि एक निमुळता नट विकत घेतला आणि एक गोल बैठकीचं टाकाऊ चाक मागून घेतलं. ते डिकीत टाकल्यावर म्हणाले, "सूनबाई, घरी नको. मला एका ठिकाणी ने."

वाटेत तिने आरशात एकदाही बघितलं नाही. गाडी मागच्या बाजूला जराशी बसल्यासारखी वाटत होती. ते चाकाचं वजन असणार.

ग्रंथपालांचं घर दुसऱ्या मजल्यावर होतं. निवृत्त झाले होते, एकटेच राहत. दारात उंच, वाकलेला माणूस उभा राहिला आणि त्याने टायरवाल्याला ओळखलं नाही. बसायच्या खोलीत पुस्तकांवर कागदाची कव्हरं होती आणि दोन खुर्च्या होत्या. सून उभीच राहिली. सासऱ्यांनी सगळं सांगितलं. थांबत, पण काही न वगळता. शेवटी म्हणाले, "निघताना ताईंनी खिडकीतून विचारलं होतं मला, नीट बसलीत ना हो चाकं? मी म्हटलं, एकदम फिट."

 मग ग्रंथपाल म्हणाले, "दाखवा."

खाली डिकीशी दोघे म्हातारे वाकून उभे राहिले. आधी गोल नट बैठकीत घातला, मग निमुळता. ग्रंथपालांनी स्वतःच्या बोटांनी पुन्हा पुन्हा करून बघितलं. निमुळता नट कडेवर टेकत होता आणि डुगडुगत होता.

"चाळीस," ते म्हणाले.

"काय?"

"चाळीसने चाललो होतो मी. सगळ्यांना सांगत होतो, चाळीस. कुणी ऐकलं नाही. माझ्या मुलीने पण नाही. मग मलाच वाटायला लागलं की पन्नास असेल. साठ असेल. दोन वर्षांनी मी सत्तर म्हणायला लागलो." त्यांचा आवाज फाटला. "तुम्हाला माहीत होतं. आणि मी इथे सत्तर म्हणत बसलो होतो!"

सासऱ्यांनी हात जोडले. ग्रंथपालांनी ते बघितले नाहीत. ते म्हणाले, "लिहून द्या. सहीसकट. मग मला तोंड दाखवू नका."

सासऱ्यांनी ते एका रात्रीत नाही, चार दिवस लावून लिहिलं. तीन मसुदे सुनेने वाचले. पहिल्यात 'घाई होती', 'गिऱ्हाईक थांबायला तयार नव्हतं' अशी वाक्यं होती. ती त्यांनी स्वतःच काढून टाकली. एक प्रत घेऊन दोघं पोलीस ठाण्यात गेले. तिथल्या हवालदाराने दोनदा वाचलं, जुनी फाईल शोधावी लागेल म्हणाला, आणि साहेब बोलावतील तेव्हा यायचं अशी ताकीद देऊन पोच दिली. नवऱ्याने फोनवर सगळं ऐकलं. मग म्हणाला, "वकील बघतो. पण बाबांना सांग, बरं केलं."

दुसरी प्रत न्यायला ग्रंथपालांची मुलगी आली. चाळिशीची बाई, आत यायला तयार नव्हती. फाटकाशीच उभी राहून तिने तीन पानं वाचली. सासरे अंगणात अनवाणी उभे होते.

"मी माफ वगैरे केलेलं नाही," ती वर न बघता म्हणाली.

"नाही, बरोबर आहे."

"आईचं वय चुकलंय. बावन्न नाही. एकोणपन्नासची होती."

सासऱ्यांनी पेन मागितलं. सुनेने आणून दिलं. फाटकाच्या खांबावर कागद टेकवून त्यांनी 'बावन्न' खोडलं, वर 'एकोणपन्नास' लिहिलं आणि खाडाखोडीशेजारी सही केली. मुलीने ती सही नीट बघितली, कागद घडी करून पर्समध्ये ठेवला आणि रस्त्यापलीकडे उभ्या असलेल्या तिच्या गाडीकडे गेली. पुढच्या सीटवर ग्रंथपाल बसले होते, पट्टा लावून, दोन्ही हात गुडघ्यांवर घट्ट धरून. अकरा वर्षांत ते कुणाच्याही गाडीत बसले नव्हते, हे सुनेला नंतर कळलं. मुलीने काहीतरी विचारलं. त्यांनी मान हलवली. मग गाडी निघाली, अगदी सावकाश, आणि कोपऱ्यावर वळेपर्यंत सासरे तिच्या चाकांकडे बघत राहिले.